योगायोगाचे वीर

करमणुकीसाठी पाहिलेला एखादा चित्रपट पुढे कित्येक दिवस प्रश्न होऊन मनात ठाण मांडून बसावा, असे क्वचितच घडते. ‘ला ग्रांद व्हाद्रूय’ या जुन्या फ्रेंच विनोदी चित्रपटाने आमच्या बाबतीत नेमके तेच केले. नावाचा अर्थ मराठीत सांगायचा तर ‘मोठी भटकंती’. जेरार उरी यांनी दिग्दर्शित केलेला हा चित्रपट डिसेंबर १९६६ मध्ये फ्रान्समध्ये प्रदर्शित झाला आणि त्याची एक कोटी सत्तर लाखांहून अधिक तिकिटे विकली गेली. पुढची तीस वर्षे त्या देशात दुसऱ्या कोणत्याही चित्रपटाला एवढी गर्दी लाभली नाही. पडणे, धडपडणे, वेष बदलणे, चुकीच्या खोलीत शिरणे असा सारा धांगडधिंगा त्यात आहे. तरीही त्याच्या तळाशी एक गंभीर नैतिक प्रश्न दडलेला आहे, आणि वाचकहो, तोच आज आपल्यापुढे ठेवण्याचा आमचा विचार आहे.

कथा १९४२ सालातील. पॅरिस जर्मनांच्या ताब्यात आहे. शहरावरून जाणारे एक ब्रिटिश विमान तोफांच्या माऱ्याने पडते आणि त्यातील तिघे हवाई छत्रीने खाली उतरतात. एक प्राणिसंग्रहालयात पडतो. दुसरा इमारत रंगवणाऱ्या ओग्युस्तँ बुव्हे नावाच्या रंगाऱ्याच्या परांचीवर आदळतो. तिसरा ऑपेरागृहाच्या छपरावर उतरतो. तेथे स्तानिस्लास लफोर नावाचा तापट संगीतसंचालक आपल्या वादकांची तालीम घेत असतो. रंगारी झाला आहे बुर्विल, संगीतसंचालक लुई द फ्युनेस. दोघेही त्या काळी फ्रान्समधील घराघरांत लाडके असलेले नट.

या दोघांपैकी एकालाही वीर व्हायचे नव्हते. रंगाऱ्याला भिंत पुरी करून घरी जायचे होते. संगीतसंचालकाला आपला वाद्यवृंद आणि आपली कीर्ती यांपलीकडे जग नव्हते. परंतु वैमानिकाच्या धडकेने परांचीवरचा रंग खाली उभ्या असलेल्या जर्मन अधिकाऱ्यावर सांडतो आणि रंगारी क्षणात फरारी होतो. संगीतसंचालकाच्या खोलीत वैमानिक लपतो आणि तोही संशयाच्या भोवऱ्यात सापडतो. तेथून पुढे हे दोघे गटारातून, आगगाडीतून, सायकलींवरून दक्षिणेकडे पळत राहतात. वाटेत बोन या गावच्या रुग्णालयातील एक धर्मभगिनी त्यांना साह्य करते. वैमानिक दारूच्या पिंपांत लपतात, पाठलाग करणाऱ्या मोटारसायकलींवर भोपळे फेकले जातात आणि अखेरीस सारी मंडळी इंजिन नसलेल्या ग्लायडरमध्ये बसून सीमारेषेपलीकडे तरंगत जातात. तीन माणसांचे प्राण वाचतात. वाचवणारे मात्र सारा वेळ कुरकुरत असतात, एकमेकांशी भांडत असतात आणि भीतीने थरथरत असतात.

आता प्रश्न असा की, या दोघांना वीर म्हणावे काय? जे सत्कृत्य अंगावर येऊन पडले, जे करण्यावाचून गत्यंतर नव्हते, त्याचे श्रेय माणसाच्या खात्यावर जमा होते काय?

सेमिनरीत नीतिशास्त्राच्या पहिल्याच वर्षी आम्हांला याचे एक उत्तर शिकवले गेले होते. संत थॉमस अक्वायनस माणसाच्या हातून घडणाऱ्या गोष्टींचे दोन भाग करतात. बुद्धीने जाणून आणि इच्छेने निवडून केलेले ते खरे ‘मानवी कृत्य’. नकळत, निव्वळ शरीराच्या सवयीने घडलेले ते केवळ ‘माणसाकडून घडलेले’ कृत्य. उदाहरण म्हणून त्यांनी दाढी कुरवाळण्याचा दाखला दिला आहे. मन भलतीकडे असताना माणूस दाढीवरून हात फिरवतो, त्याला पुण्यही नाही आणि पापही नाही. वर्गात या दाखल्यावर आम्ही पुष्कळ हसलो होतो, कारण आमच्या गुरुवर्यांना तीच सवय होती. या कसोटीला लावले तर परांचीवर वैमानिक आदळणे यात रंगाऱ्याचे काहीच कर्तृत्व नाही. आकाशातून माणूस पडला, रंग सांडला, पाय पळू लागले. येथपर्यंत सारे दाढी कुरवाळण्यासारखेच.

परंतु चित्रपट लक्षपूर्वक पाहिला म्हणजे हे उत्तर अपुरे वाटू लागते. तिघा वैमानिकांनी एका हमामखान्यात भेटायचे ठरवलेले असते आणि ओळखीची खूण म्हणून एका इंग्रजी गाण्याची शीळ घालायची असते. तेथे वैमानिकांच्या कामासाठी जातात ते आपले रंगारी आणि संगीतसंचालक. वाफेच्या धुक्यात दोघे शीळ घालीत फिरतात, एकमेकांना इंग्रज समजतात आणि मोडक्यातोडक्या इंग्रजीत एकमेकांशी बोलण्याचा आटापिटा करतात. प्रेक्षकांची हसून मुरकुंडी वळते. हसू ओसरल्यावर मात्र ध्यानात येते की, या प्रसंगात आकाशातून कोणी पडलेले नाही. वाफेत शिरण्याऐवजी दोघांना आपापल्या वाटेने निघून जाता आले असते. एक लहानसे काम त्यांनी पत्करले. तेही बहुधा, एवढे केले की आपण सुटलो, या आशेने. पण पत्करले. योगायोग आणि कृत्य यांच्यामध्ये एक अरुंद फट असते, आणि माणसाची संमती त्या फटीतून आत येते. ती नेहमीच ताठ मानेने येते असे नाही. कित्येकदा ती कुरकुरत, मागे वळून पाहत, दाराची कडी चाचपीत येते. तरीही ती संमतीच असते.

प्रभू येशूने सांगितलेला दोन पुत्रांचा दाखला आपल्याला ठाऊक आहे. एकाने मळ्यात जाण्यास नकार दिला, परंतु मागाहून गेला; दुसऱ्याने होकार भरला आणि गेलाच नाही. पित्याच्या इच्छेप्रमाणे कोण वागला, हे ऐकणाऱ्यांना सांगावे लागले नाही. त्या पहिल्या पुत्राचा चेहरा आम्हांला आता स्तानिस्लास लफोर याच्या आठ्या पडलेल्या चेहऱ्यासारखा दिसू लागला आहे.

येथे कोणी आक्षेप घेईल की, ज्या काळात लाखो माणसे मारली गेली त्या काळावर विनोद करावा काय? आक्षेप रास्त आहे. चित्रपटातील जर्मन शिपाई वेंधळे आहेत. खरे तसे नव्हते. पाडलेल्या विमानांतील माणसांना आश्रय देणाऱ्या पुरुषांना गोळ्या घातल्या जातील आणि स्त्रियांची रवानगी छळछावण्यांत होईल, अशी जाहीर सूचना १९४१ मध्ये व्याप्त फ्रान्समध्ये लावण्यात आली होती. आंद्रे द योंग ही विशीतली बेल्जियन तरुणी शत्रूच्या मुलुखात अडकलेल्या वैमानिकांना पिरेनीज पर्वतापार नेणाऱ्या एका गुप्त मार्गाची प्रमुख होती. जानेवारी १९४३ मध्ये ती पर्वताच्या पायथ्याच्या एका शेतघरात पकडली गेली आणि छळछावण्यांत डांबली गेली. ती जिवंत परतली आणि पुढे आफ्रिकेत कुष्ठरुग्णांची सेवा करीत राहिली. २००७ मध्ये तिचे निधन झाले. तिने आपला मार्ग समजून उमजून निवडला होता. परंतु तो मार्ग चालला तो वाटेवरच्या घरांच्या भरवशावर. दारावर रात्री थाप पडली, उघडले तर बाहेर परका माणूस, आणि ‘आत या’ की ‘पुढे जा’ एवढेच ठरवायला क्षणभराचा वेळ. ठरवून झालेल्या वीरांना असे न ठरवता झालेले वीर पावलोपावली लागतात.

आणि थाप सगळ्यांच्याच दारावर पडते, हेही विसरता कामा नये. कथा ज्या सालात घडते त्याच १९४२ सालच्या १६ आणि १७ जुलैला पॅरिस व आसपासच्या परिसरात तेरा हजारांवर ज्यू स्त्री-पुरुष आणि मुले पकडली गेली. पकडणारे जर्मन नव्हते, फ्रेंच पोलीस होते. तीही साधीसुधी, बायकामुले असलेली माणसे. त्यांच्याही हातात ते काम अचानकच येऊन पडले. बहुतेकांनी ते पार पाडले. काहींनी आधीच कुणकुण लागू दिली आणि त्यामुळे कित्येक कुटुंबे निसटली. पुढील महिन्यात, २३ ऑगस्टच्या रविवारी, तुलूझचे आर्चबिशप सालिएज यांचे पत्र त्यांच्या धर्मप्रांतातील देवळांतून वाचले जायचे होते. ज्यू हेही आपले बांधव आहेत, त्यांना गुराढोरांसारखे वागवता येणार नाही, अशा आशयाचे ते पत्र. आर्चबिशप स्वतः पक्षाघाताने जखडलेले, त्यांना धड बोलताही येत नसे. सरकारी अधिकाऱ्याने वाचनास मनाई केली. आता त्या खेड्यापाड्यांतील धर्मगुरूंची अवस्था डोळ्यांपुढे आणा. रविवारची मिस्सा करायला निघालेला एक साधा धर्मगुरू. एका हातात बिशपांचे पत्र, दुसऱ्या कानावर सरकारची मनाई. त्या सकाळी वीर होण्याचा त्याचा काही बेत नव्हता. तरीही अनेकांनी ते पत्र वाचले. योगायोग माणसाला चांगला करीत नाही आणि वाईटही करीत नाही. तो फक्त दार ठोठावतो.

या विषयावर विचार करताना आमचे मन वारंवार क्रुसाच्या वाटेवरील पाचव्या स्थानापाशी जाऊन थांबते. कुरेणेकर शिमोन शेतावरून परतत होता, असे संत मार्क सांगतो. आपल्यापैकी ज्यांची घरे शेतीवर चालली आहेत त्यांना त्या परतण्याचा अर्थ सांगायला नको. अंग घामेजलेले, पाय चिखलाने माखलेले, मनात जेवणाचा विचार. इतक्यात शिपाई त्याला धरतात आणि एका गुन्हेगाराचा क्रूस त्याच्या खांद्यावर चढवतात. त्याने होकार दिल्याचे शुभवर्तमानात कोठेही लिहिलेले नाही. त्याला वेठीस धरले एवढेच लिहिले आहे. आणि तरीही दर उपवासकाळात जगभरची ख्रिस्तसभा त्याचे नाव घेऊन गुडघे टेकते. का बरे? संत मार्कने जाता जाता आणखी एक गोष्ट नोंदवली आहे. हा शिमोन आलेक्सांद्र आणि रूफ यांचा बाप होता. ज्या अर्थी ही नावे सांगितली, त्या अर्थी वाचणाऱ्या भाविकांना ती मुले ठाऊक असावीत. संत पौलाने रोमकरांना लिहिलेल्या पत्राच्या शेवटी एका रूफाला सलाम धाडला आहे. तो हाच असेल, असे मानण्याची जुनी परंपरा आहे. म्हणजे जे ओझे बळजबरीने खांद्यावर आले ते त्या दुपारीच उतरले नाही. ते घरी गेले, मुलांच्या श्रद्धेत उतरले. लादलेला क्रूस कोठेतरी, केव्हातरी, त्या माणसाने आपला म्हटला असला पाहिजे.

आता एक गोष्ट स्वतःविषयी सांगणे भाग आहे, कारण हा प्रश्न आम्हांला पुस्तकात भेटण्यापूर्वी दारात भेटला होता आणि आम्ही त्याला ओळखले नव्हते.

तीसेक वर्षांपूर्वी आम्ही एका धर्मग्रामात साहाय्यक धर्मगुरू म्हणून नुकतेच रुजू झालो होतो. जुलैचा महिना, रात्रीचे अकरा वाजून गेलेले, बाहेर मुसळधार पाऊस. दारावर थाप पडली. दगडखाणीत काम करणारा एक परप्रांतीय मजूर भिजत उभा होता. बायकोच्या पोटात कळा सुरू झाल्या होत्या, त्याला वाहन हवे होते. आवारात जीप होती आणि ती आम्हांला चालवता येत होती. पण आम्ही विचार केला. रस्त्यावर पाणी भरले आहे, माणूस अनोळखी आहे, मुख्य धर्मगुरू बाहेरगावी आहेत, जीप अडकली तर जाब कोणाला द्यायचा? ही सारी कारणे खोटी नव्हती. आम्ही त्याला नाक्यावर रिक्षा मिळेल असे सांगितले, छत्री दिली आणि दार लावून घेतले.

मिशनघरातला स्वयंपाकी मागच्या पडवीत झोपत असे. माणूस तसा चिडखोर. भात जास्त मागितला तरी कपाळाला आठ्या. त्या रात्री तो मजूर अंधारात मागच्या बाजूला गेला आणि तिथे उभी असलेली भाजीची हातगाडी ओढू लागला. खडखडाटाने स्वयंपाकी जागा झाला. चोर समजून धावला, शिव्या दिल्या, आणि मग काय घडले ते आम्हांला सकाळी कळले. गुडघाभर पाण्यातून हातगाडीवर त्या बाईला घालून दोघांनी तिला दवाखान्यात पोहोचवले होते. मुलगी झाली होती. आम्ही शरमून त्याची प्रशंसा करू लागलो, तेव्हा तो चुलीपुढून न उठताच म्हणाला, “फादर, मी कुठे काय केलं? गाडी सोडवायला म्हणून दांडा धरला. मग सोडवेना, एवढंच.”

नीतिशास्त्राचा आमचा अभ्यास उत्तम गुणांनी पुरा झाला होता. मानवी कृत्य आणि माणसाकडून घडलेले कृत्य यांतील भेद आम्ही झोपेतही सांगितला असता. परंतु त्या रात्री विचारपूर्वक, इच्छेने निवडून केलेले कृत्य आमचे होते, आणि ते दार लावण्याचे होते.

त्या वाक्यावर आम्ही वर्षानुवर्षे विचार करीत आलो आहोत. ‘दांडा धरला’ हा योगायोग. ‘सोडवेना’ ही मात्र कृपा. आणि ती कृपा एका रात्रीत आकाशातून पडलेली नव्हती. चिडचिड करीत का होईना, त्या माणसाने आयुष्यभर दारी आलेल्याला घास वाढला होता. हाताला सवय होती. ॲरिस्टॉटल या ग्रीक विचारवंताने म्हटले आहे की, आधी कळलेल्या संकटापेक्षा अकस्मात कोसळलेल्या संकटात माणसाचे धैर्य अधिक खरेपणाने दिसते. कारण विचार करायला सवड नसते आणि जे मुरलेले असते तेच बाहेर येते. संत थॉमस यांनीही हा विचार मान्य केला आहे. आमच्यात त्या रात्री सावधगिरी मुरलेली होती. तीच बाहेर आली.

बोनचे ते रुग्णालय, जेथील धर्मभगिनी चित्रपटात वैमानिकांना साह्य करते, ते काल्पनिक नाही. बर्गंडीचा मंत्री निकोला रोलँ आणि त्याची पत्नी गिगोन यांनी १४४३ मध्ये गोरगरिबांसाठी ते स्थापन केले आणि पुढे शतकानुशतके तेथे धर्मभगिनींनी रुग्णसेवा केली. गरिबांच्या मोठ्या दालनाच्या टोकाशी असलेल्या वेदीसाठी रॉजिअर व्हान डर वायडेन या थोर चित्रकाराने अंतिम न्यायाचे भव्य चित्र रंगवले. आजही ते त्याच वास्तूत पाहायला मिळते. मधोमध प्रभू येशू आणि खाली हातात तराजू घेतलेला महादूत मिखाएल. शापित लोक नरकाकडे चालले आहेत, परंतु त्यांना ओढणारा एकही सैतान चित्रात नाही. ते आपल्याच पायांनी जात आहेत.

खाटांवर पडलेल्या त्या रुग्णांपुढे जे चित्र होते त्याचा आधार संत मत्तयच्या शुभवर्तमानातील पंचविसावा अध्याय आहे, आणि त्या अध्यायातील एक गोष्ट आमच्या प्रश्नाचे उत्तर देऊन जाते. राजा नीतिमानांना सांगतो की, भुकेला असताना तुम्ही मला जेवू घातले, परका असताना घरात घेतले. त्यावर ते गोंधळून विचारतात की, हे कधी घडले? त्यांना आठवतच नाही! स्वर्गात जाणारे ते सारे लोक योगायोगाचे वीर आहेत. त्यांनी आपल्या सत्कृत्यांची वही ठेवलेली नव्हती. पण वाचकहो, उजव्या बाजूचे आश्चर्य वाचून आनंदणारे आपण डावी बाजू मात्र घाईने वाचतो. तेथील लोकही तेच विचारतात, आम्ही तुला कधी पाहिले? त्यांनाही काही आठवत नाही. पावसात भिजणारा एक माणूस, दिलेली एक छत्री आणि लावलेले एक दार, एवढे लक्षात ठेवण्याजोगे त्यात आहे तरी काय?

म्हणून श्रेयाच्या प्रश्नाला आमचे उत्तर असे. आकाशातून वैमानिक पडणे हे रंगाऱ्याचे पुण्य नव्हे. तो पडल्यावर त्याला खाली ढकलून न देणे, हे मात्र त्याचेच. ते कुरकुरत केले म्हणून त्याची किंमत कमी होत नाही आणि त्याची त्याला जाणीव नव्हती म्हणून तर ती वाढतेच. भव्य संकल्प करून वीर होणे थोड्यांच्या नशिबी असते. आपणा बहुतेकांना प्रभू भेटतो तो अवेळी, आपल्या कामात अडथळा आणीत, कधी हास्यास्पद वेषात. त्या वेळी काय करावे हे ठरवायला सवड मिळणार नाही. ते आज, सवड असताना, रोजच्या ताटातल्या घासाने आणि रोजच्या उघडलेल्या दाराने ठरत असते.

तो स्वयंपाकी आता हयात नाही. त्या मजुराचे कुटुंब खाण बंद झाल्यावर कोठे गेले, हे आम्हांला ठाऊक नाही. ती मुलगी आज तिशीची असेल. रात्री दारावर थाप पडली की, आम्ही अजूनही आधी घाबरतो आणि मनात थोडे कुरकुरतोही. परंतु जीपची किल्ली तेव्हापासून दाराजवळच्या खिळ्याला टांगलेली असते.